शिंग परत आलेली बकरी

बकरीचं डावं शिंग टोकाला तुटलेलं होतं. सगळे जिला मोजपट्टी म्हणत त्या मुलीने कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर ते तीनदा पाहिलं, मग मान वर करून खुद्द चित्रात पाहिलं, आणि वहीत लिहिलं : 'तक्ता पहिला. बकरी. डावं शिंग, टोक नाही.'

"झालं का?" शेजारी कॅमेऱ्याला डोळा लावून पालथा पडलेला मेहुणा कण्हला. "माझी मान गेली."

"अजून ठिगळं मोजायचीत."

"कुणाची?"

"संतांच्या झग्याची."

"मोज बाई. त्यांनी आयुष्यभर लोकांचे डोळे चुकवले असतील, पण तुझ्या तावडीतून त्यांचीही सुटका नाही."

दोघं जमिनीपासून बारा फुटांवर, लोखंडी परांचीच्या फळ्यांवर पडले होते. खाली दिग्दर्शक उभा होता. त्याच्या तोंडी सतत एकच वाक्य असायचं, म्हणून पाठीमागे सगळे त्याला 'आणखी एकदा' म्हणत. मेहुणा म्हणजे त्याच्या बायकोचा भाऊ, कॅमेरा चालवणारा. आणि मोजपट्टी म्हणजे भौतिकशास्त्राची पदवी घेऊन सिनेमात शिरलेली मुलगी. लहानपणी भावंडांत खाऊ वाटायची वेळ आली की ती पट्टी घेऊन बसायची. तेव्हा चिकटलेलं नाव पदवीनंतरही निघालं नव्हतं.

तिचं काम तिच्या स्वभावाला असं काही बसलं होतं की जणू बेतून शिवलंय. एका दृश्यात नायकाच्या डाव्या हातात असलेला पेला पुढच्या दृश्यात उजव्या हातात जाऊ नये, अर्धी झालेली मेणबत्ती दोन मिनिटांनी पुन्हा पूर्ण होऊ नये, हे डोळ्यांत तेल घालून बघायचं. धंद्यात याला कंटिन्युइटी म्हणतात. चित्रपटाचे तुकडे वाटेल त्या क्रमाने टिपले जातात, पण जोडताना काळ एकाच दिशेने वाहिला पाहिजे. काळ एकाच दिशेने वाहतो हे मोजपट्टीला कॉलेजातही शिकवलं होतं. इथे त्याचा पगार मिळत होता.

या वेळचा चित्रपट मात्र वेगळा होता. त्यात नट नव्हते. गावातल्या जुन्या, गोल प्रार्थनागृहाच्या भिंतीवर लाकडी तक्त्यांवर रंगवलेली सहा चित्रं होती, एका संताची आणि एका बकरीची गोष्ट सांगणारी. चित्रं इतकी उंच टांगलेली की खालून संतांचा चेहरा नाण्याएवढा दिसायचा. चित्रपटात ती अगदी जवळून दाखवायची होती, एकेक बोट, एकेक केस. आणखी एकदाचा नियम साधा होता : निवेदनाच्या आवाजात जे येईल तेच पडद्यावर, आणि जवळून.

आवाज प्रार्थनागृहाच्या समितीच्या अध्यक्षांचा असणार होता.

इथेच मोजपट्टीला खटकलं होतं. कारण गेली तीस वर्षं या सहा चित्रांची गोष्ट तिची सख्खी आत्या सांगत आली होती. हातात लांब काठी घेऊन आत्या दारातून आत आलेल्या माणसांना डावीकडून गोल फिरवायची आणि काठीच्या टोकाने संत, बकरी, बादली दाखवत गोष्ट सांगायची. हे काम तिला आवडायचं असं म्हणणं म्हणजे माशाला पाणी बरं वाटतं म्हणण्यासारखं होतं. आत्यानेच शब्द टाकला म्हणून या मंडळींना हे काम मिळालं. आणि पहिल्याच दिवशी अध्यक्षांनी, आत्या समोर उभी असताना, हात चोळत सांगितलं होतं :

"एकदा फिल्म झाली की ती मोठ्या पडद्यावर दिवसभर फिरत राहील. संपली की पुन्हा सुरू. माणूस थकतो, विसरतो, सुट्टी घेतो. फिल्मला काही नाही. बाईंनी खूप केलं, आता त्यांनी आराम करावा."

"मला आराम करता येत नाही," आत्या म्हणाली.

"येईल, येईल. सवय होते."

आत्याची गोष्ट अध्यक्षांनी कारकुनाकडून शब्दशः उतरवून घेतली होती. तिच्यात चार जड विशेषणं घालून ते ती स्वतःच्या आवाजात वाचणार होते. अध्यक्षांना स्वतःच्या आवाजाविषयी फार आदर होता.

गोष्ट अशी होती. पहिला तक्ता : संत इतके नम्र, की बकरीपुढेही गुडघे टेकतात. दुसरा : त्यांच्या आशीर्वादाने बकरीच्या दुधाने बादली भरते, आणि संत बकरीशेजारी बसतात. तिसरा : संत मेणबत्तीच्या उजेडात पवित्र ग्रंथ वाचतात, बकरी दाराशी उभी राहून ऐकते. चौथा : संत ध्यानात मग्न होतात, ग्रंथ खाली पडू नये म्हणून बकरी तो भक्तिभावाने तोंडात धरते. पाचवा : संत काठी उंचावून बकरीला वाट दाखवतात, जा, ज्ञान पसरव. सहावा : संत कंदील घेऊन कायमचे निघून जातात, आणि बकरीची मालकीण दारात रुमाल घट्ट धरून रडते.

लोक शेवटी नाक ओढायचे. मोजपट्टीही लहानपणी ओढायची.

परांची तिसऱ्या तक्त्यापाशी सरकवली तेव्हा दुपार झाली होती. मेहुण्याने जवळचं टिपणारं भिंग लावलं, बाजूने दिवा सरकवला, आणि बकरी छोट्या पडद्यावर आली. मोजपट्टीने पेन उचललं आणि तसंच हवेत धरून ठेवलं.

"काय झालं?"

"शिंग."

"आहे की."

"तेच ना. पूर्ण आहे."

मेहुण्याने पडद्याकडे बघितलं, मग तिच्याकडे. "दुसरी बकरी असेल."

"कपाळावर तोच पांढरा ठिपका. उजवा कान तसाच फाटका. हीच बकरी." तिने वहीची मागची पानं उलटली. "पहिल्या तक्त्यात शिंग तुटलेलं. दुसऱ्यात तुटलेलं, वर फडकं बांधलंय. तिसऱ्यात धडधाकट. तुटलेलं शिंग परत उगवत नाही."

"संतांची बकरी आहे. उगवलं असेल."

"आणि मेणबत्ती? दुसऱ्या तक्त्यात बोटभर उरलीय, तिसऱ्यात वीतभर उंच. दुसऱ्यात झग्याला पाच ठिगळं, इथे दोन. दुसऱ्यात ग्रंथाचा कोपरा गायब आहे, इथे चारही कोपरे जागेवर. मेणबत्ती वाढते, ठिगळं गळून खालचं कापड नवं होतं, पुस्तक परत भरतं. सगळं विश्व उलटं चाललंय!"

"आणखी एकदा!" खालून हाक आली. "वर काय सभा भरलीय?"

पुढच्या तीन दिवसांत मोजपट्टीची वही भरत गेली आणि तिची झोप उडत गेली. चौथ्या तक्त्यात संत ध्यानात नव्हते. ते झोपले होते. ओठाच्या कोपऱ्यातून लाळेचा एक बारीक, चमकदार धागा दाढीत उतरला होता. चित्रकाराने तो पांढऱ्या रंगाच्या एकाच फटकाऱ्यात, फार प्रेमाने काढला होता. डोक्यामागचं सोनेरी तेजोवलय झोपेतल्या टोपीसारखं एका कानावर कलंडलं होतं. आणि बकरी भक्तिभावाने वगैरे काही नाही, ग्रंथाचा कोपरा सरळ दातांनी ओढत होती.

पाचव्यात संतांच्या बोटांची पेरं पांढरी पडली होती, इतकी घट्ट काठी धरली होती. वाट दाखवणारा माणूस काठी अशी धरत नाही. तेजोवलय नव्हतंच. पुसलं गेलेलं नाही, मेहुण्याने बाजूचा उजेड टाकून दोनदा बघितलं. चित्रकाराने काढलंच नव्हतं.

सहाव्यात बकरी कुठेच नव्हती. बादली रिकामी, आणि रडणाऱ्या मालकिणीच्या मुठीत रुमाल नव्हता. शिंगाचं टोक होतं.

मोजपट्टीने मेणबत्ती, ठिगळं, शिंग, ग्रंथाचा कोपरा असे चार रकाने पाडले आणि सहा तक्ते क्रमाने लावले. चारही रकाने एकच सांगत होते. गोष्ट तिसऱ्या तक्त्यापासून सुरू होते. संत वाचतात, संत झोपतात, बकरी ग्रंथ खाते. संत चिडतात, काठी घालतात, शिंग तुटतं. बकरी पळते, संत कंदील घेऊन तिला शोधायला निघतात. मग आपण ज्याला पहिला तक्ता म्हणतो तो : संत बकरीपुढे गुडघे टेकतात, आणि वलय परत येतं, आधीपेक्षा मोठं. मग दूध. शेवट.

म्हणजे संतांनी बकरीची माफी मागितली होती.

तिला आधी इतका आनंद झाला, की परांचीवरून पाय सुटायचाच बाकी होता. आणि मग आत्या आठवली. तीस वर्षं चुकीची गोष्ट सांगणारी बाई, असं एकदा कळलं की अध्यक्षांना आणखी काय हवं?

आणखी एकदाला तिने वही दाखवली. तो बराच वेळ बघत राहिला, मग हसला, मग हसू आवरून घाबरला.

"हे अध्यक्षांना सांगायचं नाही."

"पण सर, क्रम चुकलाय."

"क्रम त्यांचा, आवाज त्यांचा, गोष्ट त्यांची. आपलं काम काय? आवाजात जे येईल तेच पडद्यावर. जवळून. त्यात एका केसाचाही फरक नको."

"एका केसाचाही नको," मोजपट्टी म्हणाली. तिने ते वहीत लिहूनसुद्धा घेतलं.

शूटिंग चालू असेपर्यंत ती आत्याकडेच राहत होती. संध्याकाळी आत्या बटाटे सोलत बसली होती. सालं एकसंध, लांबलचक निघत होती.

"आत्या, एक विचारू? रागावणार नाहीस?"

"रागवायचं की नाही ते ऐकल्यावर ठरवीन."

मोजपट्टीने सगळं सांगितलं. शिंग, मेणबत्ती, लाळ. आत्याचा हात थांबला नाही.

"हो का?" ती म्हणाली. "लाळ? अरेरे."

"तुला काहीच वाटत नाही?"

"वाटतंय ना. भूक लागल्यासारखं वाटतंय. ती मिठाची बरणी दे."

"आत्या! मी खरं दाखवलं तर तू खोटी पडशील. नाही दाखवलं तर तुझं काम जाईलच आणि वर चुकीची गोष्ट कायमची फिरत राहील. मी काय करू?"

आत्याने सुरी खाली ठेवली. "हे बघ. खोटं जोडू नकोस आणि खरं कापू नकोस. बाकी तुझं काम तू जाण, मी कशाला त्यात नाक खुपसू?" मग सुरी उचलता उचलता तिने सहज विचारलं, "बादलीच्या तक्त्यात बकरीचं तोंड नीट घेतलंस का गं?"

"घेतलं की. लिहिलंय सुद्धा : 'तोंड बंद, डाव्या गालाला फुगवटा. रंगाचा थर जाड.' रंगच असणार."

"असणार," आत्या म्हणाली, आणि पुढचा बटाटा घेतला.

त्यानंतर मोजपट्टीने जे केलं त्याला आज्ञाधारकपणा म्हणतात. निदान कुणी विचारलं असतं तर तिने तेच सांगितलं असतं. अध्यक्षांचं ध्वनिमुद्रण आलं. त्यातल्या प्रत्येक वाक्याखाली तिने नेमकं त्याच वाक्यातलं चित्र लावून दिलं. 'संतांची गाढ ध्यानावस्था' या शब्दांवर ओठाचा कोपरा. 'भक्तिभावाने' या शब्दावर बकरीचे दात. 'तो वत्सल हात' इथे पांढरी पेरं. 'रुमाल' म्हटल्याबरोबर मूठ, आणि मुठीतलं शिंग, सहा सेकंद. एका केसाचाही फरक नाही.

मेहुणा शेजारी बसून जोडणी बघत होता. त्याने तोंडात रुमाल कोंबला होता.

"दाजी," त्याने आणखी एकदाला विचारलं, "हे असंच जाऊ द्यायचं?"

आणखी एकदाने फिल्म सुरुवातीपासून शेवटपर्यंत पाहिली. त्याच्या स्वतःच्या नियमाचा कुठेही भंग झाला नव्हता. आयुष्यात पहिल्यांदाच तो 'आणखी एकदा' म्हणाला नाही.

अध्यक्षांनी फिल्म आपल्या कार्यालयात मंजूर केली. म्हणजे ते खुर्चीत मागे रेलले, डोळे मिटले आणि स्वतःचा आवाज शेवटपर्यंत ऐकला. "खर्ज छान लागलाय," ते म्हणाले. "चित्रं ठीक आहेत ना?"

"अगदी तुमच्या शब्दाबरहुकूम आहेत," मोजपट्टी म्हणाली.

पहिला खेळ रविवारी सकाळी प्रार्थनागृहातच ठेवला होता. भिंतीला मोठा पांढरा पडदा, समोर खुर्च्या. पहिल्या रांगेत मधोमध अध्यक्षांच्या आई. त्यांचं वय नव्वदीला टेकलं होतं, कान अधूनमधून काम करत, डोळे मात्र मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर नवे करकरीत झाले होते. आत्याला शेवटच्या रांगेत, दाराशेजारची खुर्ची मिळाली होती. काठी तिने बरोबर आणली होती. सवय.

मोजपट्टी फिल्म दाखवणाऱ्या यंत्राजवळ उभी होती. प्रयोग सुरू करणं सोपं असतं. निकाल आपल्या हातात नसतो, हे तिला पदवीच्या पहिल्या वर्षापासून माहीत होतं.

पहिले दोन तक्ते शांततेत गेले. लोक 'अहाहा' करत होते. इतकी वर्षं डोक्यावर टांगलेल्या चित्रात गवताची पाती आहेत, बादलीला गंज आहे, हे कुणालाच माहीत नव्हतं. तुटलेलं शिंग सगळ्यांनी पाहिलं. फडकंही पाहिलं. मग तिसरा तक्ता आला, आणि अंधारात कुणीतरी म्हणालं, "शिंग बरं झालं वाटतं."

"श्श."

'संतांची गाढ ध्यानावस्था', अध्यक्षांचा आवाज खर्जात घुमला, आणि पडद्यावर चार फूट लांबीची लाळ चमकली.

आणि मग पहिल्या रांगेतून खणखणीत आवाज आला :

"अरे, झोपलाय तो!"

"आई, हळू," अध्यक्ष पुटपुटले.

"हळू काय? लाळ बघ ना त्याची! तुझे बाबा जेवण झालं की खुर्चीत असेच झोपायचे. वर विचारलं की म्हणायचे, मी विचार करतोय."

एक खुर्ची करकरली. कुणीतरी खोकल्याचं सोंग आणलं. 'बकरी भक्तिभावाने', आवाज म्हणाला, आणि दात आले. पिवळे, मोठे, पुठ्ठ्यात रुतलेले. आता सोंगाचा उपयोग नव्हता. मागच्या तीन रांगा एकदम फुटल्या. 'तो वत्सल हात' येईपर्यंत हसू खुर्च्यांखालून वाहत पुढे पोचलं होतं. आणि 'रुमाल' आला तेव्हा अचानक सगळे गप्प झाले, कारण मुठीत शिंग होतं आणि मालकिणीच्या डोळ्याखाली एक थेंब होता, आणि हसण्यासारखं त्यात काहीच नव्हतं.

फिल्म संपली. संपली की पुन्हा सुरू, हे ठरलेलंच होतं. गुडघे टेकलेले संत पुन्हा पडद्यावर आले, समोर तुटक्या शिंगाची बकरी.

"आता बघा," कुणीतरी म्हणालं. "आधी मारलं, मग माफी मागतोय."

"पण हा तर पहिला तक्ता."

"मग शिंग आधीच कसं तुटलं?"

"अध्यक्षसाहेब, तुम्हीच सांगा."

अध्यक्ष उभे राहिले. रोजचा खर्ज कुठे गेला कुणास ठाऊक. "हे प्रतीकात्मक आहे," ते म्हणाले. "शिंग म्हणजे अहंकार... तो आधी तुटतो, मग पुन्हा... उगवतो... म्हणजे..."

"बस खाली," आई म्हणाल्या. "तुला काही माहीत नाही. मी लहान होते तेव्हा गोष्ट वेगळी होती. बकरी पुस्तक खाते, आणि आम्ही पोरं टाळ्या वाजवायचो. तेव्हा दार तिकडे होतं." त्यांनी दुसऱ्या आणि तिसऱ्या तक्त्यांच्या मधल्या, झाडू नि बादल्या ठेवायच्या कपाटाकडे बोट दाखवलं. "ते बंद करून तुम्ही रस्त्याच्या बाजूला नवीन पाडलंत. ती काठीवाली कुठाय? तिला बोलवा. तिला विचारा."

सगळ्या माना मागे वळल्या. मोजपट्टीही वळली. आता आत्या काय म्हणणार? 'मला माहीत नव्हतं' असं?

आत्या काठी टेकत पुढे आली. तिला जराही घाई नव्हती.

"आवाज बंद कर," ती मोजपट्टीला म्हणाली. "चित्रं चालू दे."

अध्यक्षांचा आवाज मध्येच कापला गेला. पडद्यावर बादली आली, गेली. आत्या काठी खाली धरून थांबली होती. "येऊ दे, येऊ दे," ती स्वतःशीच म्हणाली. मग वीतभर उंच मेणबत्ती पडद्यावर आली आणि काठी वर झाली.

"हां. इथून. एक होता साधू. त्याला वाटायचं की आपल्याला वाचता येतं म्हणून आपण मोठे. आणि एक होती बकरी. तिला वाटायचं, कागद छान लागतो."

मोजपट्टीने आत्याची गोष्ट निदान शंभरदा ऐकली होती. ही तिने कधीच ऐकली नव्हती. जड विशेषण एकही नव्हतं. साधू झोपला तेव्हा आत्या घोरली. काठी पडली तेव्हा तिने खरंच फरशीवर काठी आपटली आणि अध्यक्ष दचकले. कंदिलाच्या तक्त्यावर ती कुजबुजत बोलली, आणि गुडघ्यांच्या तक्त्यावर काहीच बोलली नाही. नुसतं काठीचं टोक त्या मोठ्या सोनेरी वलयाभोवती एकदा फिरवलं.

मग बादली आली. भरलेली. कोपरा खाल्लेला ग्रंथ साधूच्या मांडीवर होता. बोटभर मेणबत्ती, फडकं बांधलेलं शिंग. लोकांना वाटलं, संपलं. काठी मात्र बकरीच्या गालावर जाऊन थांबली.

"आणि आता बघा, ही काय करते," आत्या म्हणाली. "ओठाच्या फटीत. दिसतंय? पांढरं?"

पडद्यावर, दोन हात रुंद गालाच्या टोकाशी, बकरीच्या मिटलेल्या ओठांतून कागदाचं एक टोक बाहेर डोकावत होतं. त्यावर शाईचे दोन काळे ठिपके होते. साधू ते बघत होता. आणि हसत होता.

"दुसरं पान," आत्या म्हणाली. "हे त्याने स्वतः दिलंय."

टाळ्या पहिल्यांदा नव्वद वर्षांच्या हातांनी वाजवल्या.

पुढचं ठरायला वेळ लागला नाही, कारण ते अध्यक्षांच्या आईंनी ठरवलं. फिल्म फिरत राहील, पण मुकी. बोलेल काठीवाली. झाडू आणि बादल्या दुसरीकडे जातील आणि जुनं दार उघडेल. अध्यक्षांचा खर्ज वाया जाऊ नये म्हणून मेहुण्याने एक सूचना केली, आणि ती मोठ्या मनाने मान्य झाली. रोज पाच वाजता प्रार्थनागृहात आता तो आवाज घुमतो : 'बंद होण्याची वेळ झाली आहे. कृपया बाहेर पडावे.' लोक म्हणतात, फार भारदस्त आहे.

संध्याकाळी कपाटातले झाडू बाहेर काढताना मोजपट्टीने आत्याला एकटं गाठलं.

"तुला सगळं माहीत होतं."

"वर्षातून दोनदा शिडीवर चढून त्या चित्रांची धूळ कोण पुसतं? अध्यक्ष?"

मोजपट्टीला स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटली. इतकं मोठं भिंग, बाजूचा दिवा, चार रकाने, आणि काखेत कळसा. "मग तीस वर्षं ती दुसरी गोष्ट का सांगितलीस?"

"कामाचा पहिला दिवस होता माझा. नवीन दार त्याच आठवड्यात उघडलं होतं. समितीची सात माणसं आत आली, हाताची घडी घालून उभी राहिली आणि म्हणाली, हं, करा सुरुवात. समोर होते गुडघे. मला घाम फुटला. मी समोर दिसेल तिथून सुरू केलं आणि जुळवत जुळवत शेवटपर्यंत गेले. शेवटी बघते तर सातही जण रडतायत." आत्याने एक बादली उचलून तिच्या हातात दिली. "रडणाऱ्या समितीला कोण सांगणार, की थांबा, चुकलं, परत या?"

"आणि नंतर?"

"नंतर सवय झाली. पण समितीची माणसं नसली की पोरांना मी खरी सांगायची. झाडू बाजूला सारून, याच जुन्या दाराची कडी गुपचूप काढून आत घेऊन. त्यातल्या एकानेही तोंड उघडलं नाही."

"मला कधी नाही सांगितलीस!"

"तू लहानपणीच इतके प्रश्न विचारायचीस की गोष्ट पुढे सरकायचीच नाही. म्हटलं, हिला हिची स्वतः सापडू दे."

मोजपट्टी बादली खाली ठेवून परांचीकडे निघाली. परांची अजून उतरवली नव्हती. तिने खिशातून वही काढली, 'रंगाचा थर जाड' यावर काट मारली, आणि छोटं भिंग घेऊन वर चढायला लागली.

"आता कुठे?"

"त्या कागदावर शाई आहे. दोन अक्षरं तरी लागतील. कुठलं पान होतं ते कळेल."

"ए मोजपट्टे," आत्या खालून म्हणाली, "खाली ये. जे तिने खाल्लं ते तिचं."

मोजपट्टी तिसऱ्या पायरीवर थांबली. वर बघितलं, खाली बघितलं. मग एक पायरी खाली उतरली. आत्या झाडू घेऊन दुसरीकडे वळल्याबरोबर दोन वर चढली.